जिराफाचं काळीज आणि आमचा सोंड्या भुंगा

हे पोस्ट एका ग्रीक शॉर्ट फिल्मबद्दल आहे आणि बरंचसं माडांबद्दल आहे. ज्यांना दोन्हींत रस नाही ते इथूनच कटले तरी राग नाही, पण गोव्यात राहून माडात रस नाही असं कोण आहे, निदान नारळाच्या भावात तरी असतोच की.

फिल्मचं नाव 'वॉशिंग्टोनिया'. दिग्दर्शिका कॉन्स्टान्टिना कोत्झामानी, साल २०१४, लांबी २४ मिनिटं, बर्लिनच्या फेस्टिव्हलला शॉर्ट्सच्या विभागात दाखवलेली. गोष्ट काय म्हणून विचाराल तर पंचाईत आहे. जिराफाच्या काळजाचे ठोके ऐकू येईनासे होतात तिथून ती सुरू होते. वॉशिंग्टोनिया ही एक जागा आहे, तिथं उन्हाच्या काहिलीनं माणसं जनावरांसारखी ग्लानीत जातात, उन्हाळाभर एक प्रकारची गुंगी. आणि वॉशिंग्टोनिया हे अथेन्सचंच दुसरं नाव, का, तर वॉशिंग्टोनिया नावाचा जो पाम आहे तो एकटाच असा की त्याचं काळीज लाल भुंगा खात नाही. का खात नाही? कारण ते लहान आहे, कोरडं आहे, आणि लहान काळीज कुणालाच आवडत नाही.

झालं. एवढंच. याच्यापुढे 'मग काय झालं' असं विचारायचं नसतं, कारण मग काही होत नाही, म्हणजे होतं पण साखळीसारखं होत नाही. असं बघायची सवय नसेल तर पाचव्या मिनिटाला हात मोबाईलकडे जातो हे मी स्वतः समोर बसून पाहिलेलं आहे.

इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, २००४ पासून पणजीत आहे, म्हणजे आपल्याकडच्या एका अख्ख्या पिढीनं दर नोव्हेंबरात गळ्यात कार्ड अडकवून जगभरचं काय काय बघितलंय, तिथल्या मॅकिनेझ थिएटरच्या पायऱ्यांवर बसून त्यावर वादही घातलेत, त्यामुळे अशा फिल्मा आम्हाला अगदीच नवीन नाहीत. पण अशी फिल्म संपली की बाहेर येणाऱ्यांचे दोन ठरलेले गट असतात. एक म्हणतो 'काय कळलं नाय बा', आणि दुसरा मान हलवत म्हणतो 'सिम्बॉलिक होती'. मला दुसऱ्या गटाचाच जास्त वैताग येतो. पहिला निदान खरं बोलतो. दुसऱ्याला विचारा कशाचं सिम्बॉल, की तो चहा आणायला जातो. जिराफ म्हणजे काय तर स्वातंत्र्य, भुंगा म्हणजे भांडवलशाही, पाम म्हणजे अमुक, असं एकेक खुंटीला अडकवून मोकळं व्हायचं, फिल्म म्हणजे जणू दहावीच्या पेपरातल्या जोड्या लावा.

तर झालं असं की ही फिल्म मी मडकईला माहेरी असताना भाच्याच्या लॅपटॉपवरून टीव्हीवर लावली. भाच्याला फिल्म शिकायची आहे, कॉलेजात आहे, हल्ली सगळं 'स्लो सिनेमा' चालू असतं त्याचं. काका जेवून तिथंच खुर्चीत बसले होते, त्यांना ग्रीक कळायचा प्रश्न नाही आणि खालची इंग्लिश अक्षरं वाचायला चष्मा नव्हता, म्हणून भाचा एकेक ओळ मराठीत सांगत होता, तीही कंटाळून, आपली ड्युटी म्हणून. जिराफाच्या ठोक्यांना काका काही बोलले नाहीत. माणसं गुंगीत जातात याला म्हणाले, मे महिन्यात सगळेच जातात त्यात काय एवढं. आणि मग भाच्यानं ती भुंग्याची ओळ सांगितली, की लाल भुंगा पामचं काळीज खातो, आणि काका खुर्चीतून पुढं सरकले, "सोंड्या! तिथं पण पोचला काय तो?"

भाचा माझ्याकडे बघतोय, मी काकांकडे. आम्ही दोघं इतका वेळ त्या ओळीला कविता समजून बसलो होतो. काकांना ती बातमी वाटली.

आणि ती बातमीच आहे. ज्यांच्याकडे भाट, म्हणजे माडांची बाग, नाही त्यांच्यासाठी थोडं सविस्तर सांगते. माडाचे दोन मोठे वैरी, गेंड्या भुंगा आणि सोंड्या भुंगा. गेंड्या काळा, डोक्यावर शिंग, तो शेंड्यात घुसून न उघडलेली पानं कुरतडतो, मग ती झावळी उघडली की कात्रीनं त्रिकोण कापल्यासारखी दिसते, ते लांबून कळतं. तो माडाला सहसा मारत नाही, पण जखम करून ठेवतो. सोंड्या त्या जखमेच्या वासावर येतो. हा तांबूस, पुढं लांब सोंड, जेमतेम बोटाच्या दोन पेरांएवढा. मादी जखमेत नाहीतर खोडाच्या चिरेत अंडी घालते, दोनशे-तीनशे सुद्धा घालू शकते, त्यातून बिनपायाच्या पांढुरक्या जाड अळ्या निघतात आणि आतल्या आत खोड पोखरत सुटतात. बाहेरून माड हिरवागार, नारळ लागलेले, सगळं ठीक. आत भुसा.

माडाला फांद्या नसतात, कोंब एकच, तोही शेंड्यात, गाभ्यात. आंबा-फणसाचं वरचं मोडलं तर बाजूनं फुटवा येतो, माडाचा तो एक कोंब गेला की माड गेला. ब्राझीलच्या जेवणात पाल्मितो म्हणून पामचा कोवळा गाभा खातात तो हाच, आणि माडासारख्या एकखोडी पामचा तो काढायचा तर अख्खं झाड मरतं. म्हणजे पामचं 'काळीज' ही कुणा दिग्दर्शिकेला रात्री सुचलेली कल्पना नाही, ते खरोखर आहे, हातात धरता येतं, आणि भुंगा खरोखर ते खातो.

काकांनी मग आम्हाला दुसऱ्या दिवशी सकाळी भाटात नेलं. (फिल्म अर्धी राहिली होती, ती नंतर बघितली, त्यांनी नाही, आम्ही.) तोडायला काढलेला एक माड होता. खोडाला माणसाच्या छातीच्या उंचीवर दोन भोकं, त्यातून तपकिरी चिकट रस ओघळून वाळलेला, भोकाच्या तोंडाशी चावून टाकलेले धागे, ओले, आंबूस वास येणारे. काकांनी कान लावायला सांगितलं. मी आधी लावला, काही नाही, रस्त्यावरची बसच ऐकू येत होती. बस गेली. मग आलं. कर्र, कर्र, थोडं थांबून परत कर्र. सुक्या पानावर कुणी नख घासतंय असा आवाज. आतल्या अळ्या खात होत्या. भाच्यानं मोबाईल खोडाला टेकवून रेकॉर्ड करायचा प्रयत्न केला, त्यात फक्त वारा आला.

जुने पाडेली, म्हणजे माडावर चढून नारळ पाडणारे, असंच ओळखायचे. माडावर चढायच्या आधी खोडावर कोयतीच्या मुठीनं ठोकायचं आणि कान द्यायचा. आता शास्त्रज्ञ याच कामासाठी खोडात खुपसायचे मायक्रोफोन आणि सेन्सर बनवतायत, कारण बाहेरून दिसेपर्यंत बहुतेक वेळा उशीर झालेला असतो. एरवी उपाय म्हणजे कामगंध सापळा, बादलीत वासाची गोळी, सोबत आंबवलेलं काहीतरी, ऊस, केळं, नाहीतर आमच्याकडे सूर, म्हणजे माडाची ताडी, आहेच, त्या वासाला भुंगे येतात आणि पडतात. आणि मुख्य म्हणजे माडाला जखम होऊ द्यायची नाही.

मग मला त्या फिल्मची सुरुवात आठवली, ठोके ऐकू येईनासे होतात ती. जिराफाचं रक्तदाब प्रकरण मजेशीर असतं, एवढ्या लांब मानेतून वर डोक्यापर्यंत रक्त चढवायचं म्हणून त्याचं ब्लड प्रेशर माणसाच्या साधारण दुप्पट असतं, काळजाची डावी भिंत जाडजूड, आणि खाली वाकून पाणी पिताना डोक्यात रक्त भसकन उतरू नये म्हणून मानेत वेगळी सोय. हत्तीचं काळीज त्याच्याहून मोठं असतं पण हत्तीला अशी लांब मान नाही. म्हणजे एका बाजूला हा असा राबणारा भलाथोरला पंप, उंचावर, सगळ्यांना दिसणारा, आणि दुसऱ्या बाजूला वॉशिंग्टोनियाचं मूठभर कोरडं काळीज, भुंग्यालासुद्धा नको असलेलं. पहिलं थांबतं. दुसरं टिकतं. माझ्या मते फिल्ममध्ये सांगायचं ते एवढंच आहे आणि ते चांगलंच तिखट आहे, कारण ती अथेन्सला उद्देशून म्हणते की बाई तू वाचलीस ती मोठी म्हणून नाही, तुझ्या काळजात खाण्यासारखं काही उरलं नव्हतं म्हणून.

हे २०१४ साली म्हणणं म्हणजे काय ते बघा. २०१० ला ग्रीसला पहिलं बेलआउट घ्यावं लागलं, मग पगार कापले, पेन्शनी कापल्या, २०१३ ला बेकारी २७ टक्क्यांच्या वर गेली, तरुणांत तर अर्ध्याहून जास्त. त्याच वर्षी ११ जूनला सरकारनं ईआरटी, म्हणजे त्यांचं दूरदर्शन आणि आकाशवाणी एकत्र धरा, सकाळी-दुपारी कधीतरी ठरवलं आणि रात्री बंद करून टाकलं. अडीच हजारांवर लोक कामावरून गेले, टीव्हीवर काळा पडदा. अशा देशात राहून कुणी जिराफाच्या ठोक्यांवर फिल्म केली तर विचित्र नक्की कोण, ती बाई की सरकार?

आणि भुंगा. काकांचा प्रश्न बरोबर होता, तिथं पोचला कसा. सोंड्या मूळचा आपल्याकडचा, दक्षिण आणि आग्नेय आशियातला. भारतात तो माडाचा वैरी म्हणून १८९१ पासून नोंदलेला आहे. आपल्याकडे तो माडावर जगत होता, माड त्याला सोसत होते, एकूण संसार चालला होता. १९८५ च्या आसपास तो आखातात पोचला, खजुराच्या रोपांबरोबर, मग इजिप्त, मग नव्वदच्या दशकात स्पेन, आणि २००५-०६ च्या सुमाराला ग्रीस. उडून गेला नाही, माणसांनीच नेला, शोभेच्या पामच्या कुंड्यांतून, मोठमोठी पूर्ण वाढलेली झाडं मुळांसकट जहाजात घालून. युरोपला चौकाचौकात, व्हिलांच्या दारात रातोरात पाम उभे करायचे होते ना. २००७ ला युरोपियन युनियननं त्याच्याविरुद्ध आणीबाणीचे नियम काढले तेव्हा तो पसरून झाला होता.

तिकडं त्याला कॅनरी पाम सापडला. हा आपल्या शिंदीचाच भाऊबंद, पण बुंधा जाडजूड, शेंडा भरगच्च, रसरशीत. अथेन्सच्या आणि अख्ख्या भूमध्य किनाऱ्याच्या बागांतले हे पाम एकामागून एक बसले. बसले म्हणजे अक्षरशः, वरचा झावळ्यांचा पिसारा आधी एका बाजूला कलतो आणि मग उघडी छत्री मिटल्यासारखा खाली येतो. वॉशिंग्टोनिया मात्र बऱ्यापैकी तरला. हा कॅलिफोर्निया-मेक्सिकोकडचा, जॉर्ज वॉशिंग्टनच्या नावाचा पाम, अथेन्सच्या नॅशनल गार्डनच्या दारात त्यांची उंचच उंच रांग आहे. त्यातल्या फिलिफेरा जातीत अळी शिरली की झाड डिंकासारखा चीक सोडतं आणि ती त्यात अडकून मरते असं अभ्यासात दिसलंय. म्हणजे 'कोरडं काळीज' हे पूर्ण खरं नाही, तो चिवटपणाही आहे. हे मला फिल्मपेक्षा जास्त आवडलं, खरं सांगायचं तर. कोत्झामानीबाईंना हे माहीत असतं तर त्यांनी काय केलं असतं? बहुतेक काहीच नाही. त्यांना कोरडं काळीजच हवं होतं.

काकांचं मत वेगळंच. त्यांचं म्हणणं, ज्या माडाला खत-पाणी नीट घातलं तोच आधी जातो, कुणी न बघितलेला, कुंपणाला वाकडा उभा असतो त्याला काही होत नाही. हे शास्त्राला कितपत धरून आहे देव जाणे, कोवळे माड सोंड्याला जास्त आवडतात एवढं मात्र खरं आहे. पण काकांनी हे ज्या कडवटपणानं सांगितलं ना, तो कडवटपणा फिल्ममध्ये आहे, तसाच्या तसा. त्यांनी फिल्म अर्धी सोडली आणि तरी ती त्यांनाच सगळ्यात आधी कळली, हे मी भाच्याला म्हटलं तर त्याला पटलं नाही. तो म्हणतो, काकांना भुंगा कळला, फिल्म नाही कळली, फिल्म म्हणजे शॉट असतात, आवाज असतो, दोन गोष्टी शेजारी ठेवल्यावर मधे जे होतं ते असतं. मुद्दा आहे त्याचा. पण ज्याला भुंगाच माहीत नाही त्याला त्या दोन गोष्टींतली एक गोष्ट मुळात रिकामी दिसणार, आणि मग तो 'सिम्बॉलिक होती' म्हणणार. सररिअल म्हणून आपण जे बघतो त्यात कितीतरी वेळा एक खरी, मातीतली गोष्ट असते, फक्त ती आपल्या ओळखीची नसते म्हणून स्वप्नासारखी वाटते. निदान या बाईच्या बाबतीत तरी मी हे ठासून सांगेन.

आणि आपण गोवेकरांनी तर अॅब्सर्डला नावं ठेवूच नयेत. २०१६ च्या सुरुवातीला आपल्या विधानसभेत वृक्षसंरक्षण कायद्यात दुरुस्ती झाली आणि माड हे झाड राहिलं नाही. आठवतंय ना? कायद्यातल्या झाडाच्या व्याख्येतून माड बाहेर. म्हणजे तोडायला परवानगी नको. लोकांनी रान उठवलं, माडांना मिठ्या मारून फोटो काढले, माड जर झाड नाही तर काय गवत काय, असे बोर्ड लागले, आणि वनस्पतीशास्त्रवाले मधूनच यायचे आणि म्हणायचे की तसं बघायला गेलं तर माड एकदल आहे, गवतासारखाच, त्याचं खोड म्हणजे आंब्यासारखं लाकूड नव्हे, आणि मग त्यांच्यावरच सगळे तुटून पडायचे. निवडणूक झाली, नवं सरकार आलं, २०१७ ला माड परत झाड झाला, वर राज्यवृक्षाचा मानही मिळाला. एक वनस्पती एका मतदानात झाड नव्हती आणि पुढच्या वर्षी राज्याचा वृक्ष. याची कुणी २४ मिनिटांची फिल्म केली आणि ती अथेन्समध्ये दाखवली तर तिथले लोक पण मॅकिनेझसारख्याच कुठल्यातरी पायऱ्यांवर बसून म्हणतील, काय विलक्षण कल्पनाशक्ती आहे हो या गोव्याच्या लोकांची!

डिचोलीकडच्या साळ गावचे गडे घ्या. शिगम्यात रात्री डोंगराकडे पळत जाणारी माणसं, देवचाराच्या, म्हणजे गावच्या राखणदाराच्या, दिवट्या दिसतात त्यांच्यामागून, त्यातला एखादा देवचारानं ठेवून घेतला म्हणून रात्रभर सापडत नाही. बघणारं पब्लिक शेकड्यांनी. तिथं कुणी कधी 'अर्थ काय' विचारल्याचं मी ऐकलेलं नाही. अर्थात याचा अर्थ आपण ग्रीकांच्या पुढं आहोत वगैरे नाही, ती आपली नेहमीची खोड नको, आमच्याकडे हे हजार वर्षांपूर्वीच होतं छापाची. गडे हा देवकार्याचा भाग आहे, फिल्म हे एका बाईचं डोकं आहे. फक्त डोळ्यांना सवय आहे एवढंच म्हणतेय.

तर ग्रीक फिल्मांना हे 'विचित्र लाट' वगैरे लेबल लागलं ते २०११ ला, एका ब्रिटिश वर्तमानपत्रातल्या लेखानं, लांथिमॉस आणि त्सांगारी या दोन ग्रीक दिग्दर्शकांच्या सिनेमांवरून. तेव्हापासून ग्रीक माणसानं कॅमेरा हातात घेतला की त्याच्याकडून विचित्रच अपेक्षित. त्यातल्या बऱ्याच जणांना ते लेबल आवडत नाही आणि मला ते समजू शकतं. पण एक गोष्ट मला त्यात आवडते, की पैसे नव्हते तेव्हा ही मंडळी एकमेकांच्या कामाला उभी राहिली. त्सांगारीच्या 'अॅटेनबर्ग'मध्ये लांथिमॉस स्वतः अॅक्टर आहे, आणि त्याच्या सुरुवातीच्या सिनेमांना निर्मितीत तिचा हात होता. आपल्याकडे जत्रेतल्या नाटकाला पडदा ओढणारा पुढच्या अंकात राजा होतो तसं.

कोत्झामानीच्या आणखी दोन फिल्मांबद्दल थोडक्यात, कारण त्या बघितल्यावर 'वॉशिंग्टोनिया' जास्त उलगडते. 'लिम्बो', २०१६, कान्सच्या क्रिटिक्स वीकला होती. त्यात १२ अधिक १ पोरं आहेत आणि किनाऱ्याला लागलेला एक मेलेला देवमासा. सोबत यशयाच्या पुस्तकातली ती भविष्यवाणी, चित्ता करडापाशी बसेल, लांडगा कोकरापाशी राहील आणि एक लहान मूल त्यांना चालवेल. आपल्या शेजारपाजारच्या कॅथलिक मंडळींना हे नाताळाच्या दिवसांत चर्चमध्ये ऐकून पाठ असतं. १२ अधिक १ म्हणजे बारा शिष्य आणि येशू, तेही त्यांना सांगायला नको. आणि मेलेला देवमासा किनाऱ्याला लागणं हे तर आपल्याकडे अधूनमधून होतंच, लोक जमतात, सेल्फी काढतात, मग जेसीबी येऊन वाळूत पुरतात. फिल्ममध्ये जेसीबी नाही एवढाच फरक. मला तिघांत ही सगळ्यात आवडली. पोरांना बघायचा तिचा डोळा जबरदस्त आहे, ती त्यांना गोड करत नाही.

'वॉशिंग्टोनिया' तेवढी आवडली नाही हे सांगून टाकते, इतकं लिहिलंय तर. मधे एक वेळ अशी येते की बाईंना आपण विचित्र आहोत हे माहीत आहे आणि त्या ते एंजॉय करतायत असं वाटायला लागतं, तिथं माझं लक्ष उडतं. माणसं जनावरांसारखी हे एकदा दाखवलं, कळलं. पाच-सहा मिनिटं कमी चालली असती. भाच्याला हे ऐकून झटका आला, त्याच्या मते एक सेकंद कमी करू नये. करू नको बाबा.

तिसरी 'इलेक्ट्रिक स्वान', २०१९, ही व्हेनिसला होती, चाळीसेक मिनिटांची, आणि ही अथेन्सची नाही, अर्जेंटिनातल्या ब्वेनोस आयरेसची आहे. आव्हेनिदा लिबेर्तादोर, नंबर २०५०, तिथली एक बिल्डिंग हलते. इमारतीनं हलू नये, पण ही हलते, आणि आतल्या लोकांना मळमळतं. वरच्या मजल्यावरचे घाबरतात की आपण पडू, खालच्या मजल्यावरचे घाबरतात की आपण बुडू. एवढ्या एका वाक्यात तिनं अख्ख्या सोसायटीची मीटिंग बसवलीय. परत तेच, उंच कोण आणि खाली कोण, जिराफ आणि बाकीची जनावरं, आधी जिराफांचं गवताळ रान होतं, आता मजले आहेत.

ही फिल्म मी जुलैत बघितली. आम्ही तिसऱ्या मजल्यावर राहतो, पणजीत सांतिनेजला, पाऊस पडला की खालच्या मजल्यावरच्या काकी फ्रिज विटांवर चढवून ठेवतात आणि वरच्या मजल्यावरचे गच्चीच्या गळतीचा खर्च सगळ्यांनी वाटून घ्या म्हणून नोटीस लावतात. आम्ही मधले, आम्हाला दोन्ही मीटिंगना बोलावतात. यंदाच्या मीटिंगनंतर फिल्म लावून दाखवू का, असं सेक्रेटरींना विचारलं तर ते म्हणाले, चाळीस मिनिटं कोण बसणार, आधी मेंटेनन्सचं बघा.